पार्व्हो शेडमध्ये आला तेव्हा

लातूरबाहेर शेताच्या कडेला माझं पत्र्याचं शेड आहे, बारा कुत्री राहतील एवढं. दिवाळीत लोक गावाला निघाले की ते भरून जातं. त्या दिवाळीत ओळखीच्या घरचं अडीच महिन्यांचं लॅब्राडोर पिल्लू आलं. "दादा, लसीचा एक डोस झालाय, बाकीचे आल्यावर देऊ," ताई म्हणाल्या. मी ठेवून घेतलं. तिथंच चुकलो.

तिसऱ्या दिवशी त्यानं खाण्याला तोंड लावलं नाही. संध्याकाळी उलट्या, रात्री रक्ताचे जुलाब. डॉक्टरांनी किटवर तपासलं: पार्व्हो, म्हणजे कुत्र्यांच्या आतड्यांचा जीवघेणा, पसरणारा विषाणूचा आजार. चार दिवस सलाईन चाललं, पण पिल्लू गेलं. शेजारच्या पिंजऱ्यातलं कारवान जातीचं पिल्लू आठव्या दिवशी आजारी पडलं. ते वाचलं. त्या आठवड्यात सगळ्या मालकांना मी स्वतः फोन करून खरं सांगितलं. एवढं जड काम मी कधी केलं नव्हतं.

आईच्या दुधातून मिळालेलं संरक्षण अंगात असेपर्यंत पिल्लाला लस नीट लागू होत नाही, असं डॉक्टरांनी समजावलं. म्हणून सहाव्या-आठव्या आठवड्यापासून दर तीन-चार आठवड्यांनी, सोळा आठवडे होईपर्यंत डोस द्यायचे. एका डोसाच्या भरवशावर राहायचं नाही.

मी रोज फिनेलनं फरशी पुसायचो. फिनेलनं पार्व्हो मरत नाही, हे तेव्हा कळलं. हा विषाणू जमिनीत महिनोन्महिने टिकतो. त्याला ब्लीच लागतं, तेही आधी सगळी घाण काढून, साबणानं घासल्यावर, कारण घाणीवर ब्लीचचा जोर चालत नाही. एक भाग ब्लीच, बत्तीस भाग पाणी. फरशी दहा मिनिटं ओली राहिली पाहिजे, मग धुऊन उन्हात वाळवायची. या सगळ्याला पाणी किती लागतं! 2016 साली ज्या लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, तिथं मी पिंजरे धुवायला टँकर मागवला. मन खात होतं, पण इलाज नव्हता. गोणपाटं, लाकडी फळ्या जाळल्या. अंगणातली माती काही धुता येत नाही, म्हणून वरचा थर काढून शहाबादी फरशी बसवली.

महिनाभर शेड बंद ठेवलं. आता लसीचं कार्ड बघितल्याशिवाय फाटक उघडत नाही. शेवटच्या डोसाला दोन आठवडे झालेले हवेत. कानात, बोटांच्या बेचक्यात गोचीड आहे का ते दारातच बघतो. सकाळी आधी पिल्लांकडे जातो, मग मोठ्यांकडे, आजाऱ्याकडे सगळ्यात शेवटी, आणि तिथले गमबूट वेगळे.

यंदा त्याच ताई नवं पिल्लू घेऊन आल्या. कार्ड पूर्ण होतं, पण शेवटचा डोस होऊन आठच दिवस झालेले. "ताई, अजून आठवडाभर थांबा," मी म्हणालो. त्यांनी कार्ड परत घेतलं, पिल्लाला गाडीत ठेवलं आणि लग्नाला घरच्यांना पाठवून स्वतः त्याच्याजवळ थांबल्या.