छत्तीस पिशव्या कांदा

8 डिसेंबर 2023, शुक्रवार. मलेशियातल्या क्लांग बंदराजवळच्या गोदामात पहाटे चारला रीफर म्हणजे गारवा राखणाऱ्या कंटेनरचं दार उघडलं. कांदा सडलेला असला तर आधी वास येतो. इथे आधी पाणी दिसलं. दाराच्या आतल्या पत्र्यावरून थेंब ओघळत होते आणि वरच्या दोन थरांतल्या लाल जाळीच्या पिशव्या ओल्या झाल्या होत्या. आलेला माल पाहून नुकसानीचा अहवाल लिहिणं हे माझं काम. माल नाशिक जिल्ह्यातला, घेणारा क्वालालंपूरजवळच्या सेलायांगच्या घाऊक बाजारातला तौके. तिकडे शेठला तौके म्हणतात.

हा देश कांद्याच्या बाबतीत परावलंबी का आहे, ते आधी सांगायला हवं. कॅमेरॉन हायलँड्सच्या दीड हजार मीटर उंचीवर प्लॅस्टिकच्या छपराखाली टोमॅटो, कोबी, लेट्यूस भरपूर होतं आणि तिथला माल ट्रकने रातोरात क्वालालंपूरला, पुढे सिंगापूरलाही जातो. सखल भागात सावी, कांगकुंग, बायम या पालेभाज्या महिन्याभरात काढणीला येतात. पण कांदा, लसूण, बटाटा जवळपास पूर्णपणे बाहेरून आणावा लागतो. कांदा पोसायला आणि मान सुकायला काढणीच्या वेळी कोरडी हवा लागते, ती तिथे कुठल्याच महिन्यात खात्रीने मिळत नाही. मार्डी ही सरकारी संशोधन संस्था छोट्या लाल कांद्याचे वाण काढून लागवड वाढवायच्या खटपटीत आहे. मोठा कांदा मात्र जहाजानेच येतो. त्यात ‘बावांग बेसार इंडिया’ म्हणजे आपला लाल-गुलाबी कांदा आणि ‘बावांग हॉलंड’ म्हणजे मोठा पिवळा, मग तो कुठूनही आलेला असो. मुर्ताबाक म्हणजे सारण भरलेला तव्यावरचा पराठा करणाऱ्याला आपलाच लागतो, कारण तो बारीक चिरून अंड्यात घातला तरी पाणी सोडत नाही आणि तव्यावर चिकटत नाही.

आता कंटेनर. आत 29 टन माल, 10 किलोच्या 2,900 पिशव्या. न्हावाशेवाहून थेट जहाज असलं तर आठवडा-दहा दिवसांत क्लांग येतं. त्यावर हा कंटेनर यार्डात तीन दिवस वीज जोडून उभा होता.

दाराकडे जाण्याआधी मी नेहमी मागे, मशीनच्या बाजूला जातो. तिथे ताजी हवा आत घ्यायची एक गोल चकती, म्हणजे व्हेंट, असते, तिच्यावर घनमीटर प्रतितास अशा खुणा असतात. कोणी हात लावण्याआधी त्या चकतीचा फोटो घ्यायचा. गोदामातली पोरं मदत म्हणून ती फिरवून ठेवतात आणि पुरावा जातो. आमच्या धंद्यात निम्मे वाद या एका न घेतलेल्या फोटोमुळे होतात. इथे चकती पूर्ण बंद होती. कांदा जिवंत असतो, श्वास घेतो, पाण्याची वाफ आणि कार्बन डायऑक्साइड सोडतो. 29 टन कांद्याचा हा उच्छ्वास बंद डब्यात कोंडला की काय होणार? मशीनची नोंद उतरवून घेतली. सेटिंग 15 अंश, आतली आर्द्रता सुरुवातीपासून शेवटपर्यंत 90 टक्क्यांच्या वर. माल भरला तेव्हा परत येणारी हवा 27 अंश होती, ती 15 वर यायला चार दिवस लागले.

या 15 अंशांवर माझा राग आहे आणि तो मी प्रत्येक अहवालात लिहितो. कांदा एक तर शून्य-दोन अंशांवर ठेवा, नाही तर 25 ते 30 वर, कोरड्या वाहत्या हवेत, जसा शेतावरच्या कांदाचाळीत ठेवतात तसा. मधल्या दहा ते वीसच्या पट्ट्यात कोंब सगळ्यांत जोरात निघतो. ‘थोडं गार ठेवलं तर बरं’ ही फळांची समजूत कांद्याला लावली की नुकसान ठरलेलं. शिवाय क्वालालंपूरच्या परिसरात हवेचा दवबिंदू वर्षभर 23-24 अंशांच्या आसपास असतो. 15 अंशांचा कांदा त्या हवेत बाहेर काढला की फ्रिजमधल्या बाटलीसारखा घामेजतो. उतरवण्याआधी तापमान टप्प्याटप्प्याने बाहेरच्या हवेपर्यंत न्यावं लागतं, दिवस-दीड दिवस जातो. कंटेनर तीन दिवस यार्डात उभा असताना हे फुकटात झालं असतं. तौकेच्या माणसांनी केलं नाही, कारण त्यांना कोणी सांगितलं नाही, आणि दरवर्षी शेकडो टन कांदा घेणाऱ्यांनी ते विचारलंही नाही.

नमुना काढायची माझी पद्धत ठरलेली आहे: छत्तीस पिशव्या. दाराजवळच्या बारा, मधल्या बारा, मशीनकडच्या बारा. प्रत्येक बारांत चार वरच्या थरातल्या, चार मधल्या, चार तळाच्या. वरवरच्या पिशव्या बघून अहवाल लिहिणारेही आहेत. त्यांचा अहवाल वरच्या थराचा असतो, कंटेनरचा नसतो. सगळ्या पिशव्या ताडपत्रीवर ओतून पाच क्रेटमध्ये निवड: चांगला, कोंब आलेला, मुळ्या सुटलेला, काजळीचा म्हणजे काळ्या बुरशीचा, आणि निळी बुरशी किंवा मऊ झालेला. एक कांदा एकाच क्रेटमध्ये.

ही निवड म्हणजे नुसती मोजदाद नव्हे. कांदा स्वतः सांगतो की तो कुठे बिघडला. काळी काजळी उष्ण दमट हवेत वाढते, 15 अंशांवर ती जवळपास थांबते, म्हणजे पत्तीखाली, वरच्या कोरड्या सालीखाली, दिसलेली काजळी निघतानाच सोबत होती, चाळीतली किंवा खळ्यावरची. निळसर बुरशी गारव्यात आणि ओलीत वाढते, ती कंटेनरची. मुळ्या ओलाव्याने सुटतात. कोंब वयामुळे आणि मधल्या तापमानामुळे येतो. कुठे काय सापडलं त्यावरूनही कळतं. मुळ्या आणि निळी बुरशी वरच्या थरात आणि दाराकडे जास्त, जिथे पाणी साचलं होतं. कोंब मात्र छत्तीसही पिशव्यांत जवळपास सारखा. कंटेनरने कोंब आणला असता तर सगळीकडे इतका सारखा आला नसता.

360 किलोंचा हिशेब असा निघाला: चांगला 214, कोंब 58, मुळ्या 49, काजळी 22, निळा आणि मऊ 17. म्हणजे शंभरात चाळीस किलो बिघडलेला.

मग चांगल्यातले शंभर कांदे उभे चिरले. हे काम मी दुसऱ्याला देत नाही. बुडख्यापासून मानेपर्यंत मधोमध एक काप, आणि आतला हिरवा कोंब किती वर चढलाय ते पाहायचं. अर्ध्याच्या खाली असेल तर आठवडाभर तरी विकायला मिळतो, वर गेला असेल तर तीन-चार दिवसांत मानेतून डोकावतो. सदतीस कांद्यांत तो अर्ध्याच्या वर होता. पत्ती रंगाने फिकी, कोरडी, एकच शिल्लक. हा मार्च-एप्रिलमध्ये काढलेला उन्हाळ कांदा होता, आठ महिने चाळीत राहिलेला. नवा लाल कांदा बाजारात यायला लागलेला असताना चाळीच्या तळातला शेवटचा माल निर्यातीला काढला होता. त्यात काही गैर नाही, डिसेंबरात उन्हाळ कांदा असाच असतो. पण मग त्याला 15 अंशांत कोंडायचं नसतं. कोंब रोखायला कांदा विकिरित करता येतो, त्यासाठीच लासलगावला भाभा अणुसंशोधन केंद्राचं ‘कृषक’ उभं राहिलं. पण ते काढणीनंतर लवकर करावं लागतं, आठ महिन्यांनी नाही. आणि ते केंद्र जास्त ओळखलं गेलं ते अमेरिकेला जाणाऱ्या हापूससाठी, याची खंत वाटते.

नाशिकच्या निर्यातदाराला फोन लावला.

‘शेठ, व्हेंट बंद आलाय.’

‘भाऊ, असं कसं होईल? मेलमध्ये लिहिलंय, फुल ओपन. मेल पाठवू का?’

मेल आला आणि तसं लिहिलेलंही होतं. पण कंटेनर बुक करायच्या अर्जात व्हेंटसाठी वेगळा रकाना असतो, आकडा घनमीटरमध्ये मागतो. निर्यातदारासाठी कंटेनर बुक करणाऱ्या फॉरवर्डिंग एजंटच्या कारकुनाने तो रिकामा सोडला होता. रिकामा म्हणजे बंद. डेपोतला माणूस मेल वाचत नाही, अर्ज वाचतो. जहाज कंपनीने अर्जाप्रमाणेच केलं, तिचा दोष नाही. कोंब आणि काजळी निर्यातदाराकडे, मुळ्या आणि निळी बुरशी एजंटकडे, असा अहवाल माझ्या डोक्यात तयार झाला होता. तौके मात्र वीस मिनिटं एकच धरून बसला होता. ‘बॉस, अख्खा कंटेनर चाळीस टक्के कमी, नाही तर मी हात लावत नाही.’

साडेदहाच्या सुमारास, नाशिकला तेव्हा सकाळचे आठ, त्याच निर्यातदाराचा फोन आला. व्हेंटबद्दल एक शब्द नाही. ‘भाऊ, निर्यात बंद केली. आजपासून. 31 मार्चपर्यंत.’ आदेश 7 तारखेचा होता. ऑगस्टमध्ये 40 टक्के निर्यात शुल्क लागलं, ऑक्टोबरअखेर त्याऐवजी टनाला किमान 800 डॉलरची अट आली, म्हणजे अशा एका कंटेनरला निदान 23,200 डॉलर, आणि आता पूर्ण बंदी. कस्टमच्या ताब्यात गेलेल्या किंवा जहाजावर चढायला लागलेल्या मालाला सूट होती, बाकी सगळं जागच्या जागी. त्याच दिवशी जिल्ह्यात लिलाव बंद पडले आणि शेतकऱ्यांनी मुंबई-आग्रा महामार्ग अडवला.

मी तौकेला सांगण्याआधीच त्याच्या फोनवर ते येऊन पडलं होतं. त्याने ताडपत्रीवरचा कोंब आलेला एक कांदा उचलला, दाबून पाहिला आणि चाळीस टक्क्यांचं बोलणं तिथेच सोडून दिलं. अकरा वाजता बारा कामगार आले, मोठे पंखे लागले, पिशव्या फोडून माल फळ्यांवर पातळ पसरला गेला. मी त्याला सांगितलं की ओला कांदा परत जाळीत भरू नकोस, मान आणि बुडखा हाताला कोरडा लागेपर्यंत थांब. या वेळी त्याने अक्षर न् अक्षर ऐकलं. कोंब आलेला कांदा त्याच रात्री मुर्ताबाकवाल्यांना आणि नासी कांदारच्या, म्हणजे भात-रश्श्याच्या, खानावळींना गेला. त्यांना तो चिरायचाच असतो. किरकोळ दुकानदारांना त्याने तो दिला नाही, हा त्याचा सच्चेपणा मी अहवालाबाहेर नोंदवून ठेवतो.

आता अडचण माझी. नुकसान मोजायचं म्हणजे माल चांगला पोचला असता तर त्या दिवशी बाजारात काय भाव मिळाला असता, त्यातून बिघडलेल्या मालाचं आलेलं वजा. पण त्या दिवशी दोन बाजार होते. पहाटे चारच्या भावाने कोंबाचा माल तोट्यात होता, संध्याकाळच्या भावाने तोच माल सकाळच्या चांगल्या कांद्याइतका गेला. मी उघडतेवेळचा भाव धरला, कारण बिघाड तेव्हा सापडला. एजंटच्या विमा कंपनीने संध्याकाळचा धरावा म्हटलं. दोघांचंही बोलणं कागदावर बरोबर आहे.

तौकेने दुपारी चहा पिताना बोटं मोजली: 2019, 2020, 2023. पाच वर्षांत तीन वेळा दार बंद. सडका माल आला म्हणून त्याने कधी नाशिक सोडलं नव्हतं. तो भांडायचा, रक्कम कापायचा आणि पुढच्या आठवड्यात पुन्हा मागवायचा. जानेवारीत गेलो तेव्हा त्याच फळ्यांवर सिंधचा कांदा होता आणि शेजारी चीनचा पिवळा. सिंधचा माल ओलसर, मान जाड, टिकायला आपल्या उन्हाळ कांद्याच्या पासंगालाही न पुरणारा. पण तो येत होता. 31 मार्च उलटूनही चालू राहिलेली बंदी मे 2024 मध्ये उठली, 550 डॉलर किमान भाव आणि 40 टक्के शुल्क लावून, तेव्हा तौकेने आपला कांदा मागवला, पूर्वीच्या निम्मा. बाकी निम्म्यासाठी त्याने कराचीच्या माणसाला शब्द दिला होता आणि तो मोडायला तयार नव्हता. निर्यातदार मला विचारत होता, ‘भाऊ, आपल्या मालात काय खोट काढतो तो?’ कसलीच काढत नव्हता.

दावा शेवटी मिटला. पण एक गोष्ट माझी मलाच खटकते आहे. मुळ्यांच्या क्रेटमधल्या 49 किलोंत बऱ्याच कांद्यांना कोंबही होता, विशेषतः दाराकडच्या वरच्या थरातल्या पिशव्यांत. एक कांदा एका क्रेटमध्ये, म्हणून जे आधी डोळ्यांना दिसलं त्यात तो टाकला. पिशवी ओतली की मुळ्या आधी दिसतात, कोंब मानेत दडलेला असतो. त्यामुळे वयाने कोंब धरलेला काही माल एजंटच्या नावावर गेला. किती, ते आता सांगता येत नाही, कारण तो तेव्हाच पसरून वाळवून विकला गेला. त्यानंतर मी ताडपत्रीवर सहावा क्रेट ठेवतो, कोंब आणि मुळ्या दोन्ही असलेल्यांसाठी, आणि मुळ्या दिसल्या तरी मान दाबून पाहिल्याशिवाय कांदा कुठेच टाकू देत नाही.