कोल्हापुरात बसून बेसबॉल ऐकायचा असेल तर

बेसबॉल रेडिओवर फार छान उतरतो, आणि त्याचं कारण खेळाच्या रचनेतच आहे. पिचरने, म्हणजे चेंडू टाकणाऱ्याने, एक चेंडू टाकला की पुढचा टाकायला त्याला ठरलेला वेळ मिळतो: बेसवर (धावताना थांबायच्या ठिकाणांवर) धावपटू नसेल तर १५ सेकंद, असेल तर १८. तेवढ्या फटीत कॉमेंटेटर स्कोअर सांगतो, बॅटरबद्दल दोन वाक्यं बोलतो, वारा कुठल्या बाजूला वाहतोय तेही सांगून टाकतो. ऐकणाऱ्याला एका वेळी एक पिचर आणि एक बॅटर एवढंच डोळ्यांसमोर आणायचं असतं. शाहू स्टेडियमवरचा पेठांचा फुटबॉल सामना नुसत्या आवाजातून सांगायचा म्हटलं तर सांगणाऱ्याची दमछाक होईल. बेसबॉलचं तसं नाही. ५ ऑगस्ट १९२१ ला पिट्सबर्गच्या केडीकेए स्टेशनवरून हॅरॉल्ड आर्लिन यांनी पायरेट्स विरुद्ध फिलीज हा सामना सांगितला. मेजर लीगचं, म्हणजे तिकडच्या सर्वोच्च बेसबॉल लीगचं, रेडिओवरचं ते पहिलं थेट प्रक्षेपण. पुढे विन स्कली यांनी १९५० ते २०१६ असे ६७ हंगाम एकाच संघाचे, डॉजर्सचे, सामने सांगितले. एवढी परंपरा ज्या खेळाच्या रेडिओला आहे, तो नुसत्या स्कोअरकार्डवर बघणं म्हणजे मिसळ सोडून नुसता पाव खाणं.

आधी घड्याळ

कोल्हापुरातून ऐकणाऱ्याला वेळेचा मोठा फायदा आहे. अमेरिकेतले रात्रीचे सामने आपल्याकडे पहाटे ते सकाळी येतात. हंगामात तिकडे उन्हाळी वेळ चालू असते, त्यामुळे न्यूयॉर्क, बॉस्टन, टोरांटो हे आपल्यापेक्षा साडेनऊ तास मागे, शिकागो, सेंट लुईस साडेदहा, डेन्व्हर साडेअकरा, लॉस एंजेलिस, सिएटल साडेबारा. म्हणजे न्यूयॉर्कचा संध्याकाळी ७:०५ चा सामना आपल्याकडे पहाटे ४:३५ ला सुरू होतो, सेंट लुईसचा ६:४५ चा ५:१५ ला, आणि लॉस एंजेलिसचा ७:१० चा सकाळी ७:४० ला. दोन चेंडूंमधल्या वेळेचं बंधन (पिच क्लॉक) आल्यापासून, म्हणजे २०२३ पासून, नऊ इनिंगचा सामना साधारण दोन तास चाळीस मिनिटांत संपतो. पहाटे उठून रंकाळ्यावर फिरायला जाणाऱ्याला सेंट लुईस किंवा शिकागो सोयीचं. नोकरीच्या वाटेवर ऐकायचं असेल तर पश्चिम किनारा धरावा.

रात्री ऐकायचं असेल तर तिकडचे दुपारचे सामने शोधा. रविवारी पूर्व किनाऱ्यावर बरेच सामने १:३५ च्या आसपास असतात, ते आपल्याकडे रात्री ११:०५ ला. शिकागो कब्जच्या रिग्ली फील्डवर १९८८ पर्यंत रात्रीचा सामनाच होत नव्हता. आजही तिथे दुपारी १:२० चे सामने भरपूर असतात, ते आपल्या रात्री ११:५० ला लागतात.

घोळ होतो तो तारखेचा. ॲपमध्ये सामना अमेरिकेच्या तारखेखाली दिसतो. तिकडचा मंगळवार रात्रीचा सामना आपला बुधवार पहाटेचा. कॅलेंडरमध्ये नोंद करताना नेहमी आपला वार लिहा, नाहीतर चोवीस तास चुकतात. मार्चच्या दुसऱ्या रविवारी अमेरिका घड्याळ एक तास पुढे करते; त्याआधीचे सरावाचे सामने ऐकणार असाल तर वरच्या प्रत्येक फरकात एक तास वाढवा. मुख्य हंगाम मार्चअखेर ते सप्टेंबरअखेर, ३० संघ, प्रत्येकाचे १६२ सामने. ऑक्टोबरात बाद फेरी आणि वर्ल्ड सिरीज ही अंतिम मालिका, म्हणजे आपल्याकडे नवरात्र ते दिवाळी. वर्ल्ड सिरीजचे सामने पूर्व वेळेनुसार रात्री आठनंतर सुरू होतात, म्हणजे आपल्या पहाटे साडेपाचच्या पुढे.

मुख्य रस्ता: एमएलबीचं ॲप

सगळे सामने एका ठिकाणी हवे असतील तर मेजर लीग बेसबॉलचं (एमएलबीचं) स्वतःचं ॲप घ्या. त्यात दोन वर्गण्या आहेत. एक फक्त ऑडिओची, दुसरी एमएलबी टीव्हीची. टीव्हीच्या वर्गणीत ऑडिओ येतोच, पण केवळ ऐकायचं असेल तर ऑडिओची वर्गणी कितीतरी स्वस्त पडते आणि त्यात सगळ्या ३० संघांचे सामने येतात. व्हिडिओवर काही भागांत ब्लॅकआउटची, म्हणजे ठरावीक सामने न दाखवण्याची, बंधनं असतात; ऑडिओवर ती नाहीत.

सामन्यावर टॅप केल्यावर यजमान आणि पाहुणा अशी दोन्ही संघांची रेडिओ फीड (आपापली कॉमेंटरी) दिसतात, काही संघांची स्पॅनिशही असते. सुरुवात यजमान फीडने करा. तिथला कॉमेंटेटर त्या मैदानाची भिंत, वारा, गवत ओळखून असतो. तो आपल्या संघाच्या बाजूने बोलणार हे धरूनच चाला. पेठेच्या मैदानावर माइक धरणारा आपल्याच तालमीकडे झुकतो, तसंच. एखादा संघ धरला असेल तर तो दौऱ्यावर गेला तरी त्याचीच फीड ठेवा. महिन्याभरात आवाज ओळखीचा होतो आणि आवाजाच्या चढावरूनच चेंडू कुठवर गेला ते कळायला लागतं.

पैसे भरताना अडचण बहुतेक वेळा कार्डाची असते. भारतीय डेबिट-क्रेडिट कार्डांवर परदेशी व्यवहार बंद ठेवलेले असतात. बँकेच्या ॲपमध्ये जाऊन ते आधी चालू करावे लागतात. दुसरं म्हणजे दरवर्षी आपोआप पैसे कापून घेण्याच्या व्यवहाराला भारतात ऑक्टोबर २०२१ पासून वेगळी मंजुरी लागते. परदेशी वेबसाइटवर ती मंजुरी न मिळाल्याने पहिलं पेमेंट होतं आणि नूतनीकरण अडकतं, किंवा पहिलंच परत येतं. ॲपमधूनच प्ले स्टोअरच्या मार्गे वर्गणी भरली तर ही कटकट कमी होते. वर्गणी भरल्या दिवशीच पुढच्या वर्षीचं ऑटो-रिन्यू बंद करून टाका. तरीही मुदत संपेपर्यंत सेवा चालू राहते.

स्टेशनची वेबसाइट उघडली आणि भलतंच लागलं

नवीन माणूस हमखास इथे अडकतो. संघाचं रेडिओ स्टेशन कोणतं ते शोधतो, त्याची वेबसाइट उघडतो, प्ले दाबतो. दिवसभर स्टेशन व्यवस्थित वाजतं आणि सामना सुरू होण्याच्या वेळेला तिथे भलत्याच विषयावरच्या गप्पा लागतात. स्ट्रीम बिघडलेली नसते. मेजर लीगने इंटरनेटवरचे हक्क स्वतःकडे ठेवले आहेत, त्यामुळे टॉवरवरून सामना जात असताना स्टेशन आपल्या इंटरनेट स्ट्रीमवर दुसरा कार्यक्रम लावतं. रेडिओची फुकट ॲपं तीच स्ट्रीम उचलतात, म्हणून तिथेही तेच ऐकू येतं. ॲप बदलत बसण्यात अर्थ नाही. सिरियसएक्सएम या उपग्रह रेडिओवर सगळे सामने असतात हे खरं, पण ती सेवा अमेरिका आणि कॅनडातल्या ग्राहकांसाठी आहे.

फुकट आणि सरळ मार्गाने ऐकायचं तर मायनर लीग, म्हणजे मेजरच्या खालच्या लीग. मेजर लीगच्या प्रत्येक संघाखाली चार पायऱ्या, म्हणजे एकूण १२० संघ. ट्रिपल-ए, डबल-ए, हाय-ए, सिंगल-ए. यातल्या बऱ्याच संघांचे रेडिओ संघाच्या वेबसाइटवर ‘लिसन लाइव्ह’ दाबलं की विनापैसे वाजतात. डरहॅम बुल्स, टोलेडो मड हेन्स यांच्यापासून सुरुवात करा. बहुतेक ठिकाणी माइकवर एकच माणूस असतो, म्हणून तो प्रत्येक चेंडू सांगतो. गप्पा कमी, खेळ जास्त. शिकणाऱ्याला हे फार उपयोगी. या लीगमध्ये मालिका मंगळवार ते रविवार अशी सहा सामन्यांची असते आणि सोमवारी सुट्टी, त्यामुळे आपल्या मंगळवारी पहाटे तिथे बहुधा शांतताच असते.

हवेतून पकडायचा असेल तर

अमेरिकेची मिडीयम वेव्ह स्टेशनं कोल्हापुरात थेट लागणार नाहीत. एवढ्या अंतरावर ५० किलोवॉटही पुरत नाहीत, आणि आपले डिजिटल संच सांगलीच्या १२५१ सारख्या नऊच्या पटीतल्या जागांवर थांबतात, तर अमेरिकेत स्टेशनं दहा-दहा किलोहर्ट्झवर आहेत. पण तिकडे बसवलेला रिसीव्हर इथून फिरवता येतो. किवीएसडीआर नावाचे रिसीव्हर हौशी लोकांनी आपापल्या घरी लावून इंटरनेटवर खुले ठेवले आहेत. १० किलोहर्ट्झ ते ३० मेगाहर्ट्झ एवढा पट्टा त्यात येतो आणि ब्राउझर पुरेसा होतो.

नकाशावर सिनसिनाटी किंवा सेंट लुईसच्या आसपासचा रिसीव्हर उघडा. रेड्ससाठी ७०० (डब्ल्यूएलडब्ल्यू), कार्डिनल्ससाठी ११२० (केएमओएक्स) टाका, मोड एएम ठेवा. ही दोन्ही स्टेशनं ५० किलोवॉटची. जुलैत सेंट लुईसला सूर्यास्त आपल्या सकाळी सातच्या सुमारास होतो. तोवर मिडीयम वेव्ह जमिनीलगतच पसरते, म्हणून शे-दीडशे किलोमीटरच्या आतला रिसीव्हर निवडा. अंधार पडला की हीच लहर वातावरणाच्या वरच्या थरावरून परतते आणि हजार किलोमीटरवरच्या रिसीव्हरवरही स्टेशन लागतं, पण आवाज वरखाली होत राहतो. वॉटरफॉलचं, म्हणजे पडद्यावर सरकणाऱ्या सिग्नलचं, चित्र बंद केलं की डेटा वाचतो. एका रिसीव्हरवर साधारण चार ते आठच जणांना जागा असते आणि काही मालक वेळेची मर्यादा घालतात; ऐकून झालं की टॅब बंद करा, मोबाइल तसाच ठेवून झोपू नका.

दुपारच्या वेळेला जपान बसतं खरं, तिथले संध्याकाळी सहाचे सामने आपल्या अडीचला सुरू होतात, पण तिथली इंटरनेट रेडिओची रेडिको सेवा जपानबाहेर चालत नाही.

मध्येच तुटतं का

डेटाची काळजी नको. ६४ केबीपीएसचा ऑडिओ तासाला सुमारे २९ एमबी खातो, म्हणजे पूर्ण सामना ७७ एमबीत. १२८ असेल तर दुप्पट. तुटण्याची कारणं वेगळी असतात. स्क्रीन बंद झाल्यावर पाच-दहा मिनिटांत आवाज थांबत असेल तर फोन बॅटरी वाचवायला ॲप मारतोय. सेटिंग्जमध्ये ॲप्स, मग एमएलबी, मग बॅटरी, आणि तिथे ‘अनरिस्ट्रिक्टेड’ करा. काही चिनी बनावटीच्या फोनमध्ये ‘ऑटोस्टार्ट’ही चालू करावं लागतं. फिरता फिरता ५जी आणि ४जी यांत नेटवर्क उड्या मारत असेल तर फोन ४जीवर बांधून ठेवा. ऑडिओला तेवढं पुष्कळ होतं. प्रत्येक अडथळ्यानंतर प्लेअर जिथे थांबला तिथूनच पुढे सुरू होतो, त्यामुळे उशीर साठत जातो. तिसऱ्या अडथळ्यानंतर ‘लाइव्ह’ दाबून पुढे या.

मुळात स्ट्रीम मैदानाच्या अर्धा-पाऊण मिनिट मागे असते. स्कोअरचं नोटिफिकेशन त्याआधी येतं आणि होमरनची मजा जाते, म्हणून नोटिफिकेशन बंदच ठेवा.

पावसाळ्यात पहाटे लाइट गेली की वायफाय जातं. १२ व्होल्टचा छोटा यूपीएस राउटरला लावा, पण आधी अडॅप्टरवरचे व्होल्ट, अँपिअर आणि पिनची ध्रुवता जुळवा. फायबरचा डबा आणि राउटर वेगळे असतील तर दोन्हींना जोडणी हवी. ८,८०० एमएएचचा यूपीएस म्हणजे ३.७ व्होल्टच्या हिशेबाने सुमारे ३२ वॉट-तास; राउटर १० वॉट घेत असेल तर गळती धरून अडीच तास निघतात, म्हणजे जवळजवळ एक सामना.

कानाला लावायची सवय

‘टू अँड वन’ म्हणजे दोन बॉल, एक स्ट्राइक. बॉल नेहमी आधी. इथे ‘बॉल’ म्हणजे ठरलेल्या पट्ट्याबाहेर गेलेला आणि बॅटरने सोडलेला चेंडू; पट्ट्यातला सोडला किंवा बॅट फिरवून हुकला तर स्ट्राइक. ‘बॉटम ऑफ द सेव्हंथ’ म्हणजे सातव्या इनिंगचा उत्तरार्ध, यजमान बॅटिंग करतायत. चार बॉल झाले की बॅटर चालत पहिल्या बेसवर, तीन स्ट्राइक झाले की आउट. मध्येच सुरू केलंत तर स्कोअर ऐकायला थांबावं लागतं. जुने कॉमेंटेटर रेड बार्बर तर स्कोअर सांगायला विसरू नये म्हणून तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ समोर ठेवत.

बाकी सगळं जागांच्या आकड्यांवर चालतं. पिचर १, कॅचर २, पहिला बेस ३, दुसरा ४, तिसरा ५, शॉर्टस्टॉप (दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसमधला) ६, डावं मैदान ७, मधलं ८, उजवं ९. ‘सिक्स-फोर-थ्री’ ऐकलं की समजायचं: शॉर्टस्टॉपने चेंडू उचलला, दुसऱ्या बेसवाल्याकडे दिला, त्याने पहिल्याकडे, दोघे आउट. हे नऊ आकडे चिठ्ठीवर लिहून मोबाइलच्या कव्हरमागे ठेवा. तीन-चार सामन्यांनंतर चिठ्ठी काढावी लागत नाही.