खोटे जन्मदाखले

'न्यूज' हा शब्द नॉर्थ, ईस्ट, वेस्ट आणि साउथ यांच्या आद्याक्षरांपासून झाला, हे मला शाळेत बाईंनी सांगितलं, पुढे एका सत्कार समारंभात प्रमुख पाहुण्यांनी सांगितलं, आणि व्हॉट्सअॅपवर तर ते गुलाबाच्या फुलासकट अधूनमधून येतच असतं. चारी दिशांकडून येते ती बातमी! ऐकायला इतकं गोड की खोटं म्हणायला जीभ रेटत नाही. प्रत्यक्षात 'न्यूज' म्हणजे 'न्यू'चं अनेकवचन. नव्या गोष्टी, बस्स. फ्रेंच लोकही बातम्यांना 'नूव्हेल' म्हणजे नव्या गोष्टीच म्हणतात, आणि त्यांच्या पश्चिमेचं आद्याक्षर 'डब्ल्यू' नाही.

'टिप'चीही तीच कथा. 'टू इन्शुअर प्रॉम्प्टनेस', म्हणजे सेवा झटपट मिळावी म्हणून पेटीत टाकायचं नाणं, असं सांगतात. मुळात हा सतराव्या शतकातल्या चोरा-भामट्यांच्या बोलीतला शब्द. अर्थ, 'दे' किंवा 'सरकव'. बडीशेपेच्या बशीखाली आपण नोट सरकवतो ते या मूळ अर्थाला अगदी धरून आहे. 'गोल्फ' म्हणजे 'जंटलमेन ओन्ली, लेडीज फॉरबिडन', फक्त सद्गृहस्थांसाठी, स्त्रियांना मज्जाव, ही अशीच आणखी एक थाप. १४५७ साली स्कॉटलंडच्या संसदेने या खेळावर बंदी घातली ती तरुणांचा तिरंदाजीचा सराव बुडतो म्हणून. शब्द तेव्हाही होता आणि बायकांचा त्यात काही संबंध नव्हता.

आद्याक्षरं जोडून शब्द पाडायची खोड इंग्रजीला फार उशिरा लागली. 'रडार', 'लेझर' ही सगळी विसाव्या शतकातली प्रजा. त्याआधीच्या शब्दाची कुणी अशी फोड करून दाखवली, तर जन्मदाखला बनावट आहे असं खुशाल धरून चालावं. खऱ्या दाखल्यावर खाडाखोड असते, शाई पसरलेली असते, बापाच्या नावाची वेलांटी चुकलेली असते. बनावट दाखलाच एवढा स्वच्छ असतो.

सगळ्यात देखणा बनावट दाखला 'पॉश'चा. त्यात आपला देशही येतो, म्हणून आपल्याला तो जास्तच आवडतो. पी. अँड ओ. कंपनीच्या बोटी इंग्लंडहून सुएझमार्गे मुंबईला यायच्या. तांबड्या समुद्रात ऊन असं की केबिनची भट्टी व्हायची. बोट पूर्वेकडे निघाली की डावी बाजू उत्तरेला, म्हणजे त्यातल्या त्यात सावलीची. परतताना उजवी. डाव्या बाजूला बोटीवर 'पोर्ट' म्हणतात, उजवीला 'स्टारबोर्ड'. तेव्हा बडे साहेब आणि त्यांच्या मडमा जाताना पोर्ट आणि येताना स्टारबोर्ड अशी केबिन राखून ठेवायच्या. 'पोर्ट आउट, स्टारबोर्ड होम'. चार आद्याक्षरं जुळवा, झालं 'पॉश'. म्हणे तिकिटावर जांभळा शिक्काच मारायचे.

या गोष्टीत काय नाही? भूगोल आहे, ऊन आहे, साहेबी तोरा आहे, शिक्क्याचा रंगसुद्धा आहे. नाही ते फक्त तिकीट. असा शिक्का मारलेलं एकही तिकीट आजवर कुणाला सापडलेलं नाही आणि कंपनीच्या दप्तरातही त्याचा मागमूस नाही. हा शब्द छापून येऊ लागल्यावर वीसेक वर्षांनी, १९३० च्या दशकात, ही बोटीची कथा पहिल्यांदा छापलेली दिसते. म्हणजे मूल कॉलेजात गेल्यावर दाखला काढलेला. त्यातल्या त्यात सरस अंदाज असा की एकोणिसाव्या शतकात लंडनच्या गल्ल्यांत 'पॉश' म्हणजे अर्धी पेनी, चिल्लर. तो शब्द रोमानी लोकांचा, आणि त्यांच्या भाषेत 'पॉश' म्हणजे अर्धा. रोमानी ही आपल्याच उत्तरेकडच्या भाषांची दूरची बहीण, काही शतकांपूर्वी पाठीवर बिऱ्हाड घेऊन युरोपात गेलेली. तेव्हा भारताशी नातं असलंच तर ते बॅलार्ड पिअरवर उतरणाऱ्या साहेबाकडून नव्हे, भटक्यांच्या अर्ध्या दमडीकडून. मला हे फार आवडतं. पण हे फॉरवर्ड कोण करणार?

'सॅलरी'ची गोष्ट मात्र आपल्याकडे चटकन पटते, कारण 'खाल्ल्या मिठाला जागणं' आपल्या तोंडात बसलेलं आहे. रोमन सैनिकांना पगार म्हणून मीठ द्यायचे, म्हणून सॅलरी! यातला अर्धा भाग खरा. लॅटिन 'सालारियम'मध्ये मीठ आहेच. पण शिपायाच्या ओंजळीत मीठ ओतून 'हा घ्या तुमचा पगार' म्हटल्याचा एकही रोमन पुरावा नाही. त्यांना नाणी मिळत. मिठाचा पगार ही नंतरच्या लेखकांनी घातलेली फोडणी.

खऱ्या गोष्टी इतक्या बेतशीर नसतात, आणि त्यांत बरेचदा कुणाची तरी फजिती असते. आपल्या देवळालीचंच बघा.

मुंबईहून नाशिकला निघालं की कसारा घाट चढून इगतपुरी येतं, तिथे वडे घ्यायचे, मग घोटी, आणि नाशिकरोडच्या आधी देवळाली. तोवर माणसं वरच्या फळीवरच्या बॅगा काढायच्या नादात असतात, पाटीकडे बघायला कुणाला फुरसत नसते. इंग्लंडात मात्र आजही एखाद्याचं डोकं फिरलं की 'तो डूलाली झालाय' म्हणतात. आपल्या आजोबांबद्दलसुद्धा म्हणतात. ते डूलाली म्हणजे हे देवळाली. गोऱ्या पलटणींची तिथे छावणी होती. हिंदुस्थानातली नोकरीची वर्षं संपलेल्या शिपायांना मायदेशी नेणारी बोट मिळेपर्यंत तिथे आणून ठेवायचे. पण सैन्याच्या बोटी साधारण हिवाळ्याच्या मोसमातच सुटायच्या. ज्याची मुदत मोसम सरल्यावर संपली, त्याने मग पुढच्या मोसमापर्यंत बसायचं. वर्षानुवर्षं लढाया आणि पटकी यांतून तगलेली माणसं. घरी जायची परवानगी खिशात, आणि काम काही नाही. बाजारात हिंडायचं, दारू प्यायची, मारामाऱ्या करायच्या, हिवतापाने फणफणायचं. काही कोठडीत गेले, काहींची डोकी कायमची फिरली. मूळ शब्द 'डूलाली टॅप' असा आहे. हा टॅप म्हणजे नळ नव्हे, हिंदुस्थानीतला तप, आपला ताप. (पुण्या-मुंबईत या नावाची बिअर मिळते. तिथला टॅप मात्र नळाचाच.)

गंमत अशी की देवळालीची हवा उत्तम. मुंबईचे पारशी आणि गुजराती पिढ्यान् पिढ्या तिथे हवापालटाला जातात, सॅनेटोरियमं बांधतात. ज्या गावी माणसं बरी व्हायला जायची त्याच गावाचं नाव इंग्रजीत वेडाला चिकटलं. दोष हवेचा नव्हताच, वाट बघण्याचा होता. हे कळल्यापासून सरकारी कचेरीत 'साहेब जेवायला गेलेत' असं ऐकून बाकावर टेकलेली माणसं बघितली की मला छावणीच आठवते.

आपल्याकडून गेलेले इतर शब्द एवढे दुःखी नाहीत. 'डंगरी' म्हणजे कारखान्यातल्या कामगाराचा जाड्याभरड्या कापडाचा पोशाख. त्यातलं कापड आणि नाव मुंबईच्या डोंगरीचं. 'मॉन्गूस' म्हणजे आपलं मुंगूस. इंग्रजी कोशात त्याच्यापुढे चक्क 'मराठी' लिहिलेलं असतं. इंग्रजीत 'गूस' म्हणजे हंस आणि अनेक हंस 'गीस', पण अनेक मुंगसांचं 'मॉन्गीस' होत नाही, कारण त्याच्यात हंस नाही. एवढं एक पोरांना सांगून ठेवावं.

फजितीवरून झालेल्या शब्दांचा राजा म्हणजे 'बॉयकॉट'. हे एका माणसाचं आडनाव आहे, हे आपल्याकडे पुष्कळांना ठाऊक असतं. पण त्या माणसाचे काय हाल झाले ते सहसा कुणी सांगत नाही. कॅप्टन चार्ल्स बॉयकॉट हा आयर्लंडच्या मेयो परगण्यात लॉर्ड अर्न या जमीनदाराचा कारभारी. १८८० साली पीकपाणी वाईट होतं, कुळांनी खंडात २५ टक्के सूट मागितली. लॉर्डसाहेबांनी १० टक्के देऊ केली. कुळं ऐकेनात, तेव्हा बॉयकॉटने त्यांना जमिनीवरून हुसकायच्या नोटिसा काढल्या. काही दिवस आधीच पार्नेल या पुढाऱ्याने एका सभेत सांगितलं होतं की असल्या माणसाला हात लावू नका, फक्त रस्त्यात, दुकानात, बाजारात, देवळातसुद्धा त्याला एकटं पाडा.

गावाने ते मनावर घेतलं. गडी गेले, मोलकरणी गेल्या. लोहार घोड्याला नाल ठोकेना, धोबीण कपडे घेईना, दुकानदार पीठ देईना. बटाटे आणि सलगम शेतात तसेच. कॅप्टनने 'टाइम्स'ला पत्र लिहून गाऱ्हाणं मांडलं, मग सरकारचा मान दुखावला. बाहेरच्या परगण्यांतून ५० स्वयंसेवक पीक काढायला आणले आणि त्यांच्या रक्षणाला हजारेक शिपाई-पोलीस. पावसाळी नोव्हेंबर. शिपायांनी तंबू ठोकले आणि ज्यांना वाचवायला आले त्यांच्याच बागेची पार दैना केली. पीक होतं साधारण ५०० पौंडांचं, ते काढायला खर्च आला १०,००० पौंडांच्या घरात. एकेका सलगमापोटी सरकारला एक शिलिंग पडलं, असा टोला पार्नेलने हाणला. महिना सरता सरता कॅप्टन बायकोला घेऊन मेयोतून निघून गेला.

शब्दाची पाचर ठोकली गावच्या धर्मोपदेशकाने. जेम्स रेडपाथ हा अमेरिकन पत्रकार फादर ओमॅलींकडे जेवायला बसला होता आणि अडला होता. लोकांनी माणसाला वाळीत टाकलं, हे लिहायला त्याच्याकडे 'ऑस्ट्रसिझम' होता, पण तो खेडुतांना कुठून कळणार? फादरनी कपाळाला हात लावून विचार केला आणि विचारलं, त्याला 'बॉयकॉट करणं' म्हटलं तर? रेडपाथने ते छापलं. वर्षभरात शब्द फ्रेंच आणि जर्मन वर्तमानपत्रांत जाऊन बसला. पंचवीस वर्षांनी, १९०५ च्या वंगभंगानंतर, बॉयकॉटची हाक आपल्याकडे पोचली, आणि टिळकांच्या चतुःसूत्रीत स्वदेशीच्या शेजारी बहिष्कार आला.

वाळीत टाकायला आपल्याला आयर्लंडकडून काही शिकायचं नव्हतं, ती विद्या गावोगावी होतीच. फरक इतकाच की तिथे गरिबांनी मिळून जमीनदाराच्या कारभाऱ्याला वाळीत टाकलं आणि आपल्याकडे गावकी-भावकीने बहुधा गरिबालाच. महाराष्ट्राने त्याविरुद्ध २०१६ मध्ये कायदा केला. त्याच्या इंग्रजी नावात 'सोशल बॉयकॉट' आहे. कुळांना बेदखल करू पाहणाऱ्या त्या कॅप्टनचं आडनाव गोरगरिबांना वाचवायच्या कायद्यात येऊन बसलंय.

आता आद्याक्षरांचा माझा नियम मोडणारा एक शब्द उरतो, आणि तो नेमका जगभर बोलला जाणारा निघावा. 'ओके'. याला तर डझनभर बाप चिकटवलेत. ग्रीक खलाशांचं 'ओला काला' म्हणजे सगळं ठीक, अमेरिकेतल्या चॉक्टॉ आदिवासींचं 'ओके', शुद्धलेखनाच्या नावाने बोंब असलेला अध्यक्ष अँड्र्यू जॅक्सन, असे एकेक. खरा दाखला १९६० च्या दशकात ॲलन वॉकर रीड या अभ्यासकाने जुनी वर्तमानपत्रं उपसून काढला. २३ मार्च १८३९ च्या 'बोस्टन मॉर्निंग पोस्ट'मध्ये संपादकाने दुसऱ्या एका पत्राची टर उडवताना 'ओ. के.' लिहिलं आणि शेजारी फोड दिली, 'ऑल करेक्ट'. करेक्ट 'के'ने आणि ऑल 'ओ'ने, मुद्दाम चुकवून. त्या काळी बोस्टनच्या टवाळ मंडळींत हे खूळ होतं: शब्द अशुद्ध लिहायचे आणि वर त्यांची आद्याक्षरं करायची. 'ऑल राइट'चं 'ओ. डब्ल्यू.' हेही त्यांनी चालवून पाहिलं. आपली पोरं मोबाइलवर जे करतात तेच, फक्त टोप्या घालून.

बाकीची सगळी खुळं वर्षा-दोन वर्षांत मेली. 'ओके' तगला तो १८४० च्या निवडणुकीमुळे. अध्यक्ष मार्टिन व्हॅन ब्युरेन हा न्यूयॉर्क राज्यातल्या किंडरहुक गावचा, म्हणून समर्थकांनी त्याला 'ओल्ड किंडरहुक' केलं, त्याचं झालं 'ओ. के.', आणि त्या नावाचे क्लब निघाले. विरोधकांनी लगेच त्याची उलटीसुलटी रूपं करून त्याला चिडवलं. व्हॅन ब्युरेन पडला. शब्द मात्र मित्र आणि शत्रू दोघांच्याही तोंडी बसला होता.

राजकारणाने तगवलेल्या या शब्दाला आपल्या राजकारणानेही हात दिला. जून २०२२ मध्ये सांगोल्याचे आमदार शहाजीबापू पाटील यांनी गुवाहाटीच्या हॉटेलातून फोनवर 'काय झाडी, काय डोंगार, काय हाटील' म्हणत शेवटी सगळं 'ओक्के' करून टाकलं, आणि बघता बघता ते मोबाइलच्या रिंगटोनवर, टीशर्टवर आणि पुढे गणपतीच्या देखाव्यांत पोचलं. बोस्टनच्या त्या संपादकाने 'सी'चा 'के' केला होता, बापूंनी एक 'क' वाढवला. अशुद्ध लिहायचा मूळ बेत त्यांच्यापर्यंत शाबूत आला म्हणायचा.