उटीच्या पासावर भलतीच गाडी

उटी कशी आहे विचाराल तर छान आहे, गार आहे. पण आम्ही ती पाहिली पावणेचार तास. त्याच दिवशी कक्कनल्ल्याचा नाका पाहिला पावणेदोन तास. त्यामुळे उटीच्या तळ्यापेक्षा त्या नाक्यावरची माकडं मला जास्त ओळखीची झाली आहेत. त्यातल्या एकीच्या पोटाला पिल्लू होतं आणि तिचा डावा कान फाटलेला होता.

लेक नोकरीला म्हैसूरला. २०२५च्या मे महिन्यात आम्ही दोघं साताऱ्याहून तिच्याकडे गेलो. राजवाडा झाला, चामुंडी झाली, तिला काही रजा मिळेना. म्हणाली, "आई, तुम्ही दोघं एका दिवसात उटी करून या. गाईडवाली गाडी असते, घरापासून नेतात, घरी सोडतात, तुम्हाला काही बघावं लागत नाही." हे म्हणाले, "महाबळेश्वर उशाला असताना लोकांच्या डोंगरावर कशाला?" पण लेकीने तोवर पैसे भरले होते. माणशी साडेअकराशे, जेवण आपलं आपण.

"काही बघावं लागत नाही" हे वाक्य लक्षात ठेवा.

मंगळवारी पहाटे सहाला येणारी गाडी पावणेसातला आली. बारा सीटची टेम्पो ट्रॅव्हलर. गाईड पंचविशीतला पोरगा, बोलायला गोड. गाडी बदलली आहे, हे त्याने चढताचढताच हसत सांगितलं. कालच्या गाडीचा एसी गेला, ही नवी आहे, उलट चांगली आहे. आम्हाला काय, खिडकी मिळाली, आम्ही खूश. गुंडलुपेटला इडली-वडा खाल्ला (बायकांनी तिथेच सगळं उरकून घ्यावं, पुढे जंगलात गाडीतून उतरता येत नाही) आणि बंडीपूरच्या जंगलात शिरलो. हरणं दिसली, एक मोर दिसला.

नऊ वाजून दहा मिनिटांनी कक्कनल्ला. इथे कर्नाटक संपतं, तमिळनाडू सुरू होतं.

आता हा ई-पास काय प्रकार आहे तो सांगते, कारण आम्हालाही तो तिथेच उभं राहून कळला. हंगामात नीलगिरीत, म्हणजे उटीच्या जिल्ह्यात, दिवसाला २०,००० च्या घरात गाड्या चढायला लागल्या, रस्ते तुंबायला लागले, तेव्हा मद्रास उच्च न्यायालयाने सांगितलं की गाड्या मोजून सोडा. म्हणून ७ मे २०२४ पासून उटी आणि कोडाईकनाल दोन्हीकडे बाहेरच्या गाडीला ई-पास लागतो. २०२५च्या हंगामात त्यावर आकडाही घातला होता: नीलगिरीत आडवारी दिवसाला ६,००० गाड्या, शनिवार-रविवारी ८,०००. पासाला पैसे पडत नाहीत, घरबसल्या निघतो. पण तो माणसाचा नसतो, गाडीचा असतो.

कळलं ना? गाडीचा.

गाईडने खिडकीतून कागद दिला. नाक्यावरच्या माणसाने कागद पाहिला, वाकून नंबरप्लेट पाहिली, परत कागद पाहिला. मग गाडी बाजूला घ्यायची खूण केली. पास होता कालच्या गाडीचा. ज्या गाडीचा एसी गेला ती गाडी उटीला जायला मोकळी होती आणि आम्ही बसलो होतो ती नव्हती. नाक्यावरच्या माणसाचं मला काहीच चुकलेलं दिसलं नाही. नंबर जुळत नाही म्हणाला, नवा काढा म्हणाला, विषय संपला.

गाईड म्हणाला, "ऐदु निमिषा, मॅडम." ऐदु म्हणजे पाच. त्याने एजन्सीला फोन लावला. मालक फोन उचलेना. मग मालकाने फोन उचलला आणि "करतो" म्हणाला. मग मालकाचा फोन लागेना. दर दहा मिनिटांनी आमचं पोरगं गाडीत डोकं घालून "ऐदु निमिषा" म्हणायचं. साडेनऊ झाले. त्याला म्हटलं, अरे तूच भर की फॉर्म! तर त्याच्या फोनला फक्त बोलायपुरती रेंज. आमच्या दोघांच्याही फोनला तेच, एक कांडी, तीही वारा आल्यासारखी यायची-जायची. फोन लागत होता, पण पान उघडायचं म्हटलं की ते गोल गोल फिरणारं चक्र.

तेवढ्यात प्लास्टिकवाले आले. नीलगिरीत एकदा वापरून फेकायच्या प्लास्टिकला बंदी आहे, पाण्याच्या बाटल्याही चालत नाहीत, हे गाईडने सांगितलं होतं; पण कधी, तर ते लोक दारात उभे राहिल्यावर. हुबळीच्या जोडप्याच्या दोन बाटल्या गेल्या. माझ्या पिशवीत साताऱ्याहून आणलेल्या दशम्या होत्या, कॅरीबॅगमध्ये. कॅरीबॅग गेली, दशम्या राहिल्या. मांडीवर आठ दशम्या घेऊन बसले. यांनी खिशातला रुमाल काढून दिला, तो चांगला आहे की कालचा हे विचारायची सोय नव्हती. (स्टीलची बाटली न्या. वर पाणी भरून घ्यायची सोय आहे.)

आणि त्याच वेळी म्हैसूरहून उटीला जाणारी सरकारी एसटी आमच्या डोळ्यांदेखत थांबली, बाटल्यांची तपासणी झाली आणि सुटली. सरकारी बसला पास लागतच नाही. आतली एक म्हातारी खिडकीतून आमच्या दशम्यांकडे बघत गेली. हे काही बोलले नाहीत. पस्तीस वर्षांच्या संसारात यांचं काही न बोलणं मला चांगलं ऐकू येतं.

पावणेदहाला मी उठले. म्हटलं, फोन लागतोय ना, मग झालं. लेकीला ऑफिसात फोन केला. ती मीटिंगमध्ये होती, दोनदा कापला, तिसऱ्यांदा उचलला. "आई, काय झालं? बाबा बरे आहेत ना?" म्हटलं, बाबा बरे आहेत, बाबांची गाडी बरी नाही, तू आधी एखादा कागद घे.

तिने तिकडे संगणकावर ते पान उघडलं आणि विचारत गेली. मी तिच्याशी मराठीत, गाईडशी हिंदीत, गाईड ड्रायव्हरशी कन्नडमध्ये. गाडीचा नंबर? तो मी खाली उतरून प्लेटवरून वाचला, एकेक अक्षर, कारण एम आणि एन फोनवर सारखेच. गाडी कुठल्या साली घेतली? ड्रायव्हरला माहीत नाही. आरसी बुक शोधा. आरसी बुक डिकीत, डिकीवर सगळ्यांच्या पिशव्या. इंधन? डिझेल. माणसं किती? इथे वाद. ड्रायव्हर, गाईड धरायचे की नाही? मी म्हटलं, जीव आहे तो प्रत्येक मोज. आत कधी, बाहेर कधी? दोन्हीकडे आजचीच तारीख. राहणार कुठे? "आई, इथे हॉटेलचं नाव मागतायत." गाईडने त्यांच्या ठरलेल्या जेवणाच्या हॉटेलचं नाव सांगितलं. ओटीपी तिच्याच फोनवर आला हे एक बरं झालं. माझ्या फोनवर आला असता तर आम्ही अजून तिथेच असतो.

दहा वाजून वीस मिनिटांनी लेक म्हणाली, "झाला, पाठवलाय." मी हात उंचावून गाडीत सांगितलं, लोकांनी टाळ्या वाजवल्या. पण पास येईना. व्हॉट्सअ‍ॅपवर धुरकट चौकोन आणि त्यावर तेच चक्र. मी फोन वर धरला, रस्त्याच्या कडेला गेले. जंगलखात्याच्या माणसाने तिकडे जाऊ नका म्हणून हटकलं. नाक्यावर तो चौकोनी कोड स्कॅन झाल्याशिवाय गाडी सोडत नाहीत. पास आहे, लेकीने बघितला आहे, नंबर बरोबर आहे, पण दाखवायला नाही. लग्नाचं वऱ्हाड दारात आणि नवरदेव गावच्या वेशीवर अडकलेला!

मागे एक केरळची गाडी लागली होती, चार पोरं. त्यातल्या एकाच्या फोनवर व्हिडिओ चालू असल्याचा आवाज येत होता. व्हिडिओ चालू म्हणजे रेंज! मी सरळ त्याच्या काचेवर टकटक केली. माझं हिंदी त्याला अर्धं कळलं, त्याचं इंग्रजी मला अर्धं, पण पोरगं सालस. त्याने नंबर दिला, तो मी लेकीला फोनवर सांगितला. तिने सांगितलं, "आई, अनोळखी माणसाला कशाला?" म्हटलं, तू पाठव गं बाई.

तडा गेलेल्या काचेचा त्याचा फोन. त्यावर आमचा पास आला. तो पोरगा स्वतः उतरून नाक्यापर्यंत चालत आला, फोन धरून उभा राहिला, पहिल्यांदा तड्यामुळे कोड वाचला गेला नाही, मग त्याने फोन आडवा केला. वाचला गेला. दहा पंचावन्न. मी त्याला चार दशम्या दिल्या. रुमाल मात्र परत घेतला. गाईड मला म्हणाला, "मॅडम, तुम्ही आमच्या एजन्सीत या." मी हसले नाही, मनातून बरं वाटलं, ते कबूल करते.

पुढचं भराभर. तेप्पकाडूहून जवळचा रस्ता मसिनगुडीवरून ३६ वळणांच्या कल्हट्टी घाटाने जातो. ड्रायव्हरने गुडलूरचा लांबचा धरला, आणि माझ्या पोटाच्या दृष्टीने बरंच केलं. आवळा-सुपारी जवळ ठेवा, आणि शेवटची सीट घेऊ नका. वाटेत चहाचे मळे लागतात, हवा एकदम बदलते. पैकारा, तिथलं धबधब्याचं ठिकाण, नुसतं खिडकीतून. दोड्डबेट्टा, म्हणजे २,६३७ मीटरचं नीलगिरीतलं सगळ्यात उंच शिखर, ज्याच्यासाठी हे तयार झाले होते, ते वेळेअभावी रद्द. पोचलो तेव्हा एक वीस.

वनस्पती उद्यान मात्र सोडू नका. १८४८ सालचं आहे, डोंगराच्या उतारावर चढत गेलेलं. तिथे दोन कोटी वर्षांपूर्वीच्या झाडाचं दगड झालेलं खोड ठेवलं आहे; हे त्याच्यापाशी खूप वेळ उभे राहिले. म्हणाले, "याला कोणी पास मागितला नसेल." सकाळपासूनचं त्यांचं पहिलं पूर्ण वाक्य. तळं १८२४च्या सुमारास इंग्रज कलेक्टर सलिव्हन साहेबाने बांधून घेतलेलं, खूप गर्दी, आम्ही बोट केली नाही. छोट्या गाडीचं स्टेशन बाहेरून पाहिलं. मेट्टुपालयमहून वर येणारी ती ४६ किलोमीटरची दात्यांच्या रुळांची रेल्वे या एका दिवसाच्या सहलीत बसत नाही. तिच्यासाठी वेगळं जा. बाजारात वर्की घेतली. आपल्या खारीची चुलतबहीण म्हणा, पण जास्त कडक. चहात बुडवल्याशिवाय दाताला लागते. स्वेटर मे महिन्यातही न्या. मी शालीवर भागवलं आणि चारच्या पुढे पस्तावले.

पाच दहाला परत निघालो, कारण बंडीपूरचा रस्ता रात्री नऊ ते सकाळी सहा बंद असतो. २००९ पासून आहे ही बंदी, जनावरांसाठी, आणि रुग्णवाहिका, ठरावीक सरकारी बस सोडल्या तर ती सैल होत नाही. तुमचा गाईड "अजून एक पॉइंट बघू" म्हणाला तर हे त्याला सांगा. नऊच्या पलीकडे अडकलात तर रात्र अलीकडेच. कक्कनल्ल्यावर आठला दहा कमी होते. उतरताना कोणी काही विचारलं नाही. माकडं झोपायला गेली होती. पुढे बंडीपूरच्या अंधारात रस्त्याकडेला हत्तीण उभी होती, ड्रायव्हरने दिवे मंद केले, आणि गाडीत पहिल्यांदाच सगळे गप्प झाले.

तर बुकिंग करताना: निघायच्या आदल्या रात्री गाडीचा नंबर आणि पासाचा फोटो दोन्ही मागून घ्या, आणि सकाळी गाडी दारात आली की चढायच्या आधी प्लेट आणि पास ताडून बघा. यात लाज वाटायचं मला कारण नाही आणि तुम्हालाही नाही. स्वतःच्या गाडीने जाणार असाल तर पास घरूनच काढा, त्याचा स्क्रीनशॉट फोनमध्ये ठेवा आणि एक कागदावर छापून घ्या. शनिवार-रविवारची वेळ असेल तर आठवडाभर आधी. आणि सोबत सामान कमी असेल, दोघंच असाल, तर सरकारी एसटी. खिडकीतून दुसऱ्यांच्या दशम्या बघत जाल.

दोड्डबेट्टा चुकल्याचे पैसे परत मागितले, तर एजन्सीने "पुढच्या वेळी सवलत देऊ" लिहिलं आणि त्याखाली पाच तारे द्यायची लिंक. मी कालच्या गाडीचा पास आणि आजच्या गाडीची प्लेट असे दोन फोटो पाठवले. दोन निळ्या खुणा दिसतात, उत्तर नाही. खरा पास लेकीच्या फोनमध्ये आहे. त्यावर प्रवाशाच्या नावाच्या जागी तिचं नाव, आणि ती अजून उटीला गेलेली नाही.