स्वप्नील टीव्हीवर दिसला तेव्हा

१ ऑगस्ट २०२४ ची दुपार. कोल्हापुरात राजारामपुरीतल्या आमच्या दुकानाचं शटर अर्धं ओढून सगळे टीव्हीसमोर. राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा स्वप्नील कुसाळे, पॅरिस ऑलिंपिकमधल्या ५० मीटर रायफल थ्री पोझिशन नेमबाजीची फायनल. गुडघ्यावर बसून १५ गोळ्या, झोपून १५, मग उभ्यानं. मागं होता पोरगा, उभा राहिल्यावर एकेकाला मागं टाकत वर आला. ४५१.४ गुण, ब्राँझ! खाशाबा जाधवांच्या १९५२ च्या पदकानंतर ७२ वर्षांनी महाराष्ट्राला वैयक्तिक ऑलिंपिक पदक. माझे वडील चष्मा काढून नुसते डोळे पुसत बसले.

नंतर आठवडाभर मी बातम्या सोडल्या नाहीत. पण माईक पुढं करून तेच, ‘कसं वाटतंय?’ नाहीतर रेल्वेतली तिकीट तपासनिसाची नोकरी आणि धोनी. धोनी आवडतो हे त्यानंच सांगितलंय, ते छानच. पण ते जाड जॅकेट, गाल रायफलीला टेकवून थांबणं, श्वास रोखणं, हे कुणी विचारेना. फार जीव तुटला. मला त्याच्यावर तासाभराचा नीट माहितीपट बघायचाय, कांबळवाडीच्या रस्त्यावरून सुरू होणारा.

लेकीनं वहीच्या मागच्या पानावर त्याच्यासाठी प्रश्न लिहून ठेवलेत. पहिलाच : ‘ट्रिगर दाबायच्या आधी तुम्हाला काय ऐकू येतं?’