भिंत म्हातारी कशी करायची

मागे एका मालिकेच्या आर्ट डिपार्टमेंटमध्ये चार महिने काम केलं होतं, काम म्हणजे काय तर हमालीच. पहिल्याच दिवशी आमच्या आर्ट दादांनी चहापत्तीच्या पाण्याची बादली आणि स्पंज हातात दिला नि म्हणाले, ही भिंत चाळीस वर्षं जुनी कर. प्लायचा फ्लॅट, म्हणजे सेटवरची खोटी भिंत, परवा ठोकलेली. मी आपलं सगळीकडे सारखं फासून टाकलं. दादा आले, बघितलं आणि म्हणाले, "अरे भिंत अशी सगळीकडून एकदम म्हातारी होते का? माणूस रोज टेकून बसतो तिथे डोक्याचं तेल लागतं, बटणाभोवती बोटांचे डाग पडतात, खिडकीखाली पावसाचं पाणी ओघळतं. इथे कोण राहतं ते आधी ठरव." मग मी ठरवलं की इथे एक आजोबा राहतात, आणि खोबरेल आणून त्यांच्या डोक्याच्या उंचीवर चोळत बसलो.

तेव्हापासून जुने सिनेमे बघताना माझं लक्ष नटांपेक्षा मागच्या भिंतींवर जास्त. आणि असं बघत बघत मी येऊन थांबलो ते शेख फत्तेलाल यांच्यापाशी, म्हणजे प्रभात फिल्म कंपनीचे सेट उभारणारे कलादिग्दर्शक, साहेबमामा.

माणूस मूळचा कागलचा, हातात चित्रकला. कोल्हापुरात सिनेमे काढणाऱ्या बाबूराव पेंटरांकडे तयार झाले. बाबूराव स्वतः आधी नाटकांचे पडदे रंगवायचे, त्यामुळे या सगळ्या मंडळींची सुरुवात रंगवलेल्या राजवाड्यांपासूनच झालेली. पण पडद्यावरचा खांब नाटकात चालून जातो, कॅमेरा जरा बाजूला सरकला की त्याचं बिंग फुटतं. त्यात रंगाची गंमत वेगळीच, त्या काळच्या फिल्मवर लाल रंग जवळजवळ काळाच दिसायचा, म्हणजे आयुष्यभर रंगात खेळलेल्या चित्रकाराला फिल्मपुरता स्वतःचा डोळाच बदलून घ्यावा लागला असणार!

१९२९ ला कोल्हापुरात प्रभात सुरू झाली, दामले, शांताराम, धायबर, कुलकर्णी आणि हे. १९३३ ला सगळं बिऱ्हाड पुण्याला. तिथून पुढे पुराणातले महाल पण यांचेच आणि 'कुंकू'मधलं (१९३७) म्हाताऱ्या वकिलाचं घर पण यांचंच. ते भिंतीवरचं घड्याळ आठवतंय ना? कथेतलं अर्ध काम ते घड्याळच करतं. वस्तू नुसती जागा भरायला ठेवायची नाही, हे मला कोणी शिकवलं असेल तर त्या घड्याळाने.

माझा सगळ्यात लाडका मात्र 'संत तुकाराम', १९३६. दिग्दर्शन दामले-फत्तेलाल या जोडीचं, पुढच्या वर्षी व्हेनिसला गाजला वगैरे ते तुम्हाला माहीत असेलच. लोक वैकुंठाच्या विमानाबद्दल बोलतात, मला आवलीचं घर आवडतं. ती म्हशीवर खेकसते, पोरांवर ओरडते, आणि ती तिथेच राहते याची एकदाही शंका येत नाही. देहू आपण प्रत्यक्ष पाहिलेलं असलं तरी मनातलं देहू बऱ्यापैकी साहेबमामांनी उभं केलेलंच असतं, निदान माझं तरी.

आमच्या मालिकेत काय झालं सांगू? गरीब विधवेचं घर होतं, आम्ही छान पोपडे वगैरे काढले, तर वरून निरोप आला की फार डल दिसतंय, जरा फ्रेश करा. दोन दिवसांत फॉल्स सीलिंग! दादा काहीच बोलले नाहीत, फक्त त्या दिवशी जेवले नाहीत.

प्रभातचं पुण्यातलं शूटिंगचं स्टेज अजून उभं आहे, लॉ कॉलेज रोडला, फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात. आत उभे राहिलेले सेट अर्थातच नाहीत, सेट कुठे टिकतात. माझी ती चाळीस वर्षं जुनी भिंत महिन्याभरात पांढरी रंगवून हॉस्पिटलची झाली. आजोबांच्या तेलाचा डाग काही केल्या जाईना, दोन हात मारले तरी वर यायचा, शेवटी दादांनी तिथे कॅलेंडर टांगलं.