जोफ्रुआ अखेर गोदफ्रुआपासून सुटला, आणि आता जोसलँ मानगुटीवर

मंडळी, फ्रेंच नावं मुळात कुठून आली याची जी कार्डं मी करतेय, त्यातलं जोफ्रुआचं (इंग्रजीतला जेफ्री) कार्ड नंबर ४१ काल रात्री खोडलं. गेल्या अपडेटमध्ये मी अगदी छाती पुढे काढून टाकलं होतं तेच, 'जोफ्रुआ म्हणजेच गोदफ्रुआ, अर्थ देवाची शांती'. चूक आहे ते. माझ्या भरवशावर कुणी वहीत उतरवून घेतलं असेल तर प्लीज आजच दुरुस्त करा.

झालं असं की मी ह्रोदवाली नावं संपवत होते, म्हणजे हे जुनं जर्मानिक मूळ (जर्मन, इंग्रजी ज्या कुळातल्या त्या भाषांतलं) असलेली. ती बॅच पूर्ण झाली बरं का! ह्रोद म्हणजे कीर्ती, मग रोबेर म्हणजे कीर्ती अधिक तेज, रोजे म्हणजे कीर्ती अधिक भाला, रोदोल्फ म्हणजे कीर्ती अधिक लांडगा, आणि आपल्या गोव्यातले रॉड्रिग्जसुद्धा याच घरातले, रोद्रिगोचा मुलगा तो रॉड्रिग्ज, कीर्ती अधिक सत्ता. सगळी कशी गुणी बाळासारखी आपापल्या रकान्यात बसली. त्या आनंदात म्हटलं आता शेवटी फ्रिद असलेली घेऊ. फ्रिद म्हणजे शांती, आणि मुळापर्यंत गेलं की हा आपल्या 'प्रिय'चा चुलतभाऊ निघतो, त्यामुळे या गटावर माझा आधीपासूनच जीव आहे.

आणि पहिल्याच नावाला अडकले. गोदफ्रुआ आणि जोफ्रुआ ही फ्रेंचमध्ये एकाच काळात शेजारी शेजारी नांदणारी नावं आहेत. १०९९ मध्ये पहिल्या क्रूसेडमध्ये जेरुसलेम घेणारा गोदफ्रुआ द बुइयाँ, आणि पुढच्याच पिढ्यांत पश्चिम फ्रान्समधल्या आंजूचा काउंट जोफ्रुआ प्लांताजने, ११५१ मध्ये वारला तो. एकच नाव असेल तर एकाचा ग कडक राहिला आणि दुसऱ्याचा ज झाला, हे कसं? बाळांच्या नावांच्या साइट्स इथे काही कामाच्या नाहीत, सगळ्या एकमेकींवरून उतरवतात आणि सगळीकडे तेच 'देवाची शांती' चिकटवलेलं. मीही तिथूनच उचललं होतं.

मग लॅटिन कागदातली रूपं मांडून बसले आणि डोकंच फिरलं. गाउफ्रिदुस, गाल्फ्रिदुस, गोस्फ्रिदुस, आणि १०८६ च्या डूम्सडे बुकात, म्हणजे इंग्लंडच्या जमिनींच्या नोंदवहीत, गोइस्फ्रिदुस. एका नावाला कुठे ल आहे, कुठे स आहे, कुठे मध्येच इ. या प्रत्येक अक्षरावर एकेक थिअरी उभी आहे. ल आहे म्हणून पहिला भाग वाल्ह, म्हणजे परका. इ आणि स आहे म्हणून गिसिल, म्हणजे ओलीस. काहीच नाही म्हणून गाउ, म्हणजे परगणा. (या गाउचा आणि आपल्या गावाचा काही संबंध नाही हां, आपलं गाव ग्रामवरून आलं, मलाही क्षणभर मोह झाला होता.) तीन आठवडे मी या चार डब्यांत तेच नाव इकडून तिकडे हलवत होते.

सुटलं ते स्वयंपाकघरात. कुकरच्या शिट्ट्या मोजता मोजता फ्रेंच शब्द पुटपुटायची सवय आहे मला, तर जाँब, म्हणजे पाय, तो लॅटिन गांबावरून. जोन म्हणजे पिवळा, गाल्बिनुसवरून. जार्दँ म्हणजे बाग, तो तर जर्मानिकच आहे, गार्दवरून. ग च्या पुढे आ आला की फ्रेंचमध्ये त्याचा ज होतो! क चा च होतो तो पण याच नियमाने, कार्लचा शार्ल झाला तो उगाच नाही (तेव्हा उच्चार 'चार्ल'सारखा होता, श नंतर आला). आपल्याला हे सांगावं लागत नाही, 'जाड' मधला ज आणि 'जीव' मधला ज वेगळा हे आपण पाळण्यातच शिकतो, पुढचा स्वर मागच्या व्यंजनाला वळवतो. फ्रेंचमध्ये वळवणारा स्वर फक्त वेगळा. पण ग च्या पुढे ओ असेल तर ग जागचा हलत नाही. गोदफ्रुआ, गोंत्राँ, सगळे कडक.

म्हणजे जोफ्रुआच्या सुरुवातीला 'गो' असूच शकत नाही, तिथे 'गाउ' हवा, आणि तो सुद्धा 'आ' अजून ऐकू येत होता त्या काळातला. लॅटिन गाउदियाचं जॉय झालं, म्हणजे आनंद, अगदी तसंच. गॅस बंद करायला विसरले, भात खाली लागला, पण कार्ड ४१ तिथेच गेलं.

बाकीचे डबे मग पटापट रिकामे झाले. वाल्ह बाद, कारण जर्मानिक व चा फ्रेंचमध्ये कडक ग होतो, वाल्टरचा गोतिए, विल्हेल्मचा गियोम, कुणाचाही ज झालेला नाही. मग गाल्फ्रिदुसमधला ल कुठून आला? तर लेखनिकांनी घुसडला. अल चा अउ होतो हे त्यांना माहीत होतं, म्हणून जिथे अउ दिसला तिथे 'मूळ ल असणार' असं समजून परत बसवला, शुद्ध लिहायच्या नादात अशुद्ध. गिसिल बाद, कारण गिसिलबेर्टचा जिल्बेर झाला, इ तशीच राहिली, तिचा ओ व्हायचं काही कारण नाही.

आणि शिक्कामोर्तब केलं ऑक्सितानने. दक्षिण फ्रान्सच्या या भाषेत जुना अउ टिकून राहतो, सोन्याला ती अजूनही अउर म्हणते, उत्तरेत मात्र तो ऑर झाला. बाराव्या शतकात ब्लाय गावचा एक कवी होता, जउफ्रे र्‍यूदेल. जउफ्रे! स्वच्छ अउ, समोर उभा. हे नाव मी किती वर्षं वाचतेय आणि कधी त्या अउकडे बघितलंच नव्हतं. काल मोठ्याने दहा वेळा म्हटलं असेल.

साधनांबद्दल थोडं. फ्योर्स्टेमानची जुन्या जर्मन नावांची १८५६ ची यादी अजूनही पहिली उघडावी लागते, काय माणूस होता, ड्रेस्डेनच्या ग्रंथालयात बसून याच गृहस्थाने माया लोकांच्या पोथीतलं कॅलेंडरही उलगडलं. पण फ्रेंच नावांसाठी माझं मत मोर्लेबाईंच्या तीन खंडांना, सहाव्या ते बाराव्या शतकातली गॉलमधली (म्हणजे जुन्या फ्रान्सच्या भागातली) नावं, प्रत्येक रूप कुठल्या कागदात आहे ते सांगून. फक्त रीप्रिंट ऑनलाइन घेऊ नका. मी एका विक्रेत्याकडून घेतलं तर नेमकी जी अक्षराची पानं इतकी फिकट की भिंग लावूनही दिसेनात, फोन केले, मेल केले, उत्तर नाही. स्कॅन शोधा, नाहीतर लायब्ररीत बसा.

आता एक खडा राहिला होता. इंग्लंड जिंकणाऱ्या नॉर्मन लोकांच्या, म्हणजे उत्तर फ्रान्समधल्या नॉर्मंडीच्या बोलीत, निदान उत्तरेकडच्या, हा ग चा ज होत नाही, तिथे बाग म्हणजे गार्दँ, आणि इंग्रजांचं गार्डन तिथूनच आलं. मग इंग्रजीत जेफ्री कसा, गॉफ्री का नाही? यावर मी पुन्हा सगळं खोडायच्या बेतात होते. पण इंग्रजीत तुरुंगाची दोन स्पेलिंग्ज आहेत ना, एक जी ने सुरू होणारं नॉर्मन वळणाचं, एक जे ने सुरू होणारं पॅरिसच्या बाजूचं, आणि उच्चार दोन्हीचा जेल. म्हणजे दोन थर एकावर एक बसलेत. चार्ल्सही दुसऱ्याच थरातला, नॉर्मन असता तर क ने सुरू झाला असता. आणि कडक ग ची बोली व ज ची बोली यांच्यामधली जी रेषा, आंजू तिच्या दक्षिणेला, ज च्या बाजूला आहे, तिथल्या जोफ्रुआचाच मुलगा ११५४ मध्ये इंग्लंडचा राजा झाला, दुसरा हेन्री. जेफ्रीचा ज टिकायला याची मदत झाली असं मला वाटतं.

उरला गोस्फ्रिदुसमधला स. माझा कल गाउतकडे आहे, म्हणजे दक्षिण स्वीडनमधल्या गाउत लोकांच्या नावाकडे, कारण त्याचंच एक रूप गाउत्स होतं आणि फ च्या आधी तो स पुढे गळून जातो. साधा गाउ धरला तर स ला घरच उरत नाही.

खरं तर पुढचा नंबर हिल्दवाल्या बायकांचा होता, मातिल्द, क्लोतिल्द, मी गेल्या वेळी कबूलही केलं होतं. पण हे लिहिता लिहिताच लक्षात आलं की तोच गाउत्स जोसलँमध्येही आहे! जुनं रूप गाउत्सलिन. आणि नॉर्मंडीत आडनाव आहे गोसलँ, कडक ग, तर ब्रिटनीत जोसलँ नावाचं गावच आहे. एकच नाव, रेषेच्या दोन बाजूंना, दोन व्यंजनं घेऊन उभं. सॉरी, हिल्दवाल्या थांबतील. कार्ड ४१ च्या पाठीमागे पहिली नोंद करूनही टाकली, 'गाउत्सलिन, पॅरिसचा बिशप, ८८५ च्या व्हायकिंग वेढ्यात शहर लढवलं, ८८६ मध्ये वेढा चालू असतानाच वारला'.